जिवाची पोथी

देवजीच्या घराच्या उंबऱ्यावर टेकलेला माणूस बोलणी न खाता उठला, असं वैशाखरे गावात कधी घडलं नाही. पाव्हणा असो, शेजारी असो, नाहीतर गावचा पाटील असो, बाईजा आतून खेकसायचीच. "उठ आधी तिथनं! बसाया दुसरी जागा नाय का?" एकदा खुद्द देवजी पायातला काटा काढायला तिथं बसला होता, तर बायकोनं त्यालाही काट्यासकट अंगणात पिटाळलं. त्यांची सून गिरजा लग्न होऊन आली ती बैलगाडीत हाडं खिळखिळी करून घेऊन, आणि दमून उंबऱ्यावर बसली. सासूचा पहिला आशीर्वाद तिला मिळाला तो हाच.

कारण पुढं शेजारणीकडून कळलं. बाईजाची एकुलती लेक जनाबाई पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती. मूल पायाकडून आलं, अडलं, आणि दोघंही गेली. तेराव्याच्या जेवणाचं खरकटं निघायच्या आत गावानं न्याय करून टाकला. पोर पोटुशी असताना सारखी उंबऱ्यावर बसायची, म्हणून मूल वाटेत अडलं. आईनं बसू दिलं कसं? गावाला दुसऱ्याच्या घरातली चूक नेहमीच लवकर सापडते. बाईजा यावर कुणाशी भांडली नाही. तिला ते पटलं, आणि तेच वाईट झालं.

गिरजा शहापूरची. बाप तिथल्या शाळेत शिपाई होता, घंटा वाजवायचा. घंटेच्या निमित्तानं लेकही शाळेत बसली आणि मराठी चौथी पास झाली. नवरा नथू आटगावला रेल्वेच्या गँगमध्ये रूळ ठोकायचा, आणि गणपतीला नि शिमग्याला तेवढा घरी यायचा. म्हणजे गिरजाचं शिक्षण वैशाखऱ्यात आलं ते आलेली पत्रं वाचायला आणि बाजारात दुकानदाराला दरडावायला. एरवी भात लावा, भात बेणा, भात कांडा. भाताला चौथी पास झालेली चालते, न झालेलीही चालते.

दुसऱ्या मोठ्या लढाईची वर्षं होती. त्या उन्हाळ्यात मुरबाडच्या सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाई टोकावड्याच्या बाजारात देवी टोचायला आल्या. चिंचेखाली खुर्ची, समोर रडारड, आणि झाडाला एक छापील कागद डकवलेला. कागदासमोर बायका मुक्यानं उभ्या होत्या, तेव्हा गिरजानं तो मोठ्यानं वाचून दाखवला. डॉक्टरीणबाईंनी मान वर केली.

"तुला वाचता येतं?"

"येतं."

"सगळं?"

"मराठी असलं तं."

बाई हसल्या नाहीत. त्यांना हसायची सवय नव्हती, पण माणूस ओळखायची होती. त्यांनी सांगितलं, की गणपती गेले की मुरबाडला सुईणींचा वर्ग निघणार आहे. सहा महिने तिथंच राहायचं. राहायला खोली, जेवण, आणि शेवटी सरकारी शिक्क्याचा कागद. "पण माझी एक अट आहे," बाई म्हणाल्या. "मला पोपट नकोत. आधी जीव म्हणजे काय ते वाचून ये, मग तो जन्माला कसा आणायचा ते मी शिकवते." आणि त्यांनी जीवशास्त्राच्या तीन पुस्तकांची नावं एका चिठ्ठीवर लिहून दिली. मुरबाडच्या वाचनालयात मिळतील म्हणाल्या.

गिरजाला जनाबाई आठवली. तिनं जनाबाईला कधी पाहिलं नव्हतं, पण त्या घरात राहून तिची आठवण न येणं शक्य नव्हतं. आपल्याला हा वर्ग हवा आहे, हे तिला चिंचेखालीच कळलं. इतकं काही हवं असं तिला लग्नातही वाटलं नव्हतं.

वाचनालयात निराळीच तऱ्हा. पहिलं पुस्तक एका मोठ्या साहेबांच्या कुटुंबानं दोन वर्षांमागं नेलेलं, आणि ते परत मागायची वाचनालयाची छाती नव्हती. दुसरं कपाटात होतं, पण वाळवीनं ते आधीच वाचून संपवलं होतं. उरलं तिसरं. त्याचा पुठ्ठा शाबूत, पण नावाचं पान गेलेलं. उघडलं की एकदम 'प्रकरण पहिले'. गिरजानं ते फडक्यात गुंडाळलं आणि घरी आणलं.

आता वाचायचं कधी? श्रावण लागला होता आणि दिवसभर शेतात तण काढायची बेणणी. अंधार पडायला घरी यावं तर दिवा नाही. लढाईपायी रॉकेल मिळेनासं झालं होतं, आणि घरात जी एक बाटली होती ती देवजीनं आढ्याला टांगून ठेवली होती. कंदील लागे तो फक्त श्रावणातल्या पोथीला. पण गावात पोथी वाचणारा एकच म्हातारा होता, तो डोळ्यांत मोतीबिंदू पडून शहापूरला लेकाकडं निघून गेला होता. त्यामुळं यंदा बाटली भरलेली, श्रावण चालू, आणि पोथीचा पत्ता नाही. देवजी आठवडाभर दात दुखत असल्यासारखा हिंडत होता.

एका संध्याकाळी गिरजा दारातल्या शेवटच्या उजेडाला पुस्तक धरून बसली होती, अर्थात उंबऱ्यापासून हातभर लांब. देवजी समोर येऊन उभा राहिला.

"काय गो ते? पोथी?"

"नाय मामंजी. शाळंसारखं पुस्तक हाय. डॉक्टरीणबाईंनी वाचाया सांगितलंय. वाचून झालं तं सुईणीच्या वर्गाला घेतील."

"लिवलंय काय त्यात?"

गिरजानं विचार केला. "जीव कसा जन्माला येतो, कसा जगतो, कसा मरतो, त्ये."

देवजी तिच्याकडं बघतच राहिला. "मंग पोथी नाय तं काय हाय?" तो म्हणाला, आणि खुंटीवरचा कंदील काढायला आत गेला.

गिरजानं दोनदा सांगून पाहिलं, की हे पूजेचं नव्हे. पण तिला दिवा हवा होता, आणि दिवा पोथीशिवाय लागत नव्हता. तेव्हा तिसऱ्यांदा ती गप्प बसली. वर्गाचं विचारलं तेव्हा देवजीनं एका दमात निकाल दिला. "पोथी नीट पार पडू दे. पडली तं खुशाल जा, मी सोताहून धाडीन. मोडली, तं घराबाहेर पाऊल टाकायचं नाव काढू नको."

दुसऱ्या दिवशी दिवेलागणीला ओटी माणसांनी भरली. पाटावर लाल फडकं, त्यावर पुस्तक, पुस्तकाला हळदकुंकू. बाया एकीकडं, बाप्ये एकीकडं, आणि सगळ्यांत पुढं कोंडूतात्या. या कोंडूतात्याला वाचता येत नव्हतं, पण पोथीचे नियम तोंडपाठ होते. गावात कुणाचं काय चुकलं हे सांगायचं काम त्यानं आपणहून अंगावर घेतलेलं होतं. जनाबाईच्या वेळी उंबऱ्याची गोष्ट पहिल्यांदा बोलला तो हाच.

"बाईमाणसानं पोथी वाचायची?" त्यानं सुरुवात केली.

"तू वाच," देवजी म्हणाला आणि पुस्तक पुढं केलं. कोंडूतात्यानं विषय बदलला.

"मंग नेम सांगून ठेवतो. अध्याय चालू झाला की कुणी उठायचं नाय. मधलं पान सोडायचं नाय. एका बैठकीला एकच अध्याय. नि हाती घेतलेली पोथी अर्धी टाकायची नाय, गावाला बाधतं."

सगळ्यांनी माना डोलावल्या. गिरजानं वाचायला घेतलं. पहिलं प्रकरण अमीबाचं. "ह्या जिवास हात नाहीत, पाय नाहीत, मुख नाही, उदर नाही. तथापि तो चालतो, अन्न ग्रहण करतो. त्यास निश्चित असा आकार नाही. वार्धक्याने तो मरत नाही. एकाचे दोन होतात, दोहोंचे चार होतात."

मग कोंडूतात्यानं गहिवरून हात जोडले. "निराकार," तो म्हणाला. "आमच्या आज्यानं असंच सांगितलं व्हतं. हात नाय, पाय नाय, नि चराचरात भरलाय." सगळ्या ओटीनं अमीबाला नमस्कार केला. गिरजानं ओठ चावून पान उलटलं. पुस्तक लिहिणाऱ्याला आयुष्यात एवढा मान कधी मिळाला नसेल.

असा तो श्रावण चालला. बेडकाच्या प्रकरणात तो आधी माशासारखा असतो आणि मग त्याला पाय फुटतात असं निघालं, तेव्हा लोकांनी त्यात मत्स्यावतार ओळखला आणि आमच्या बांधावर देव राहतो म्हणून खूश झाले. झाडाचं पान उन्हात स्वतःचं अन्न करतं, असं आलं, तर एका म्हातारीनं विचारलं, "मंग पावसाळ्यात बिचारं उपाशी?" मधमाश्यांच्या प्रकरणाला बायांना विशेष रंग चढला. नर माश्या काडीचं काम करीत नाहीत, आयता मध खातात, आणि दिवस वाईट आले की त्यांना पोळ्याबाहेर हाकलतात, हे गिरजानं जरा सावकाश वाचलं. ऐकताना बायांचे डोळे सरळ समोरच्या बाकड्यावर गेले. बाप्ये कंदिलाकडं बघत होते.

हृदयाच्या दिवशी प्रत्येकानं आपल्या छातीवर हात ठेवून ठोका शोधला. कोंडूतात्याला सापडेना. डावीकडं चाचपलं, उजवीकडं चाचपलं. "तात्याला काळीजच नाय," बायांतून कुणीतरी म्हणालं, आणि पोथीत हसू नये हा नियम त्या रात्रीपुरता मोडला.

या सगळ्यात बाईजा एक अक्षर बोलली नाही. ती मागं, सैपाकघराच्या कुडाच्या भिंतीला टेकून बसायची आणि अंधारातच सुपात तांदूळ निवडायची. ती ऐकते की नाही हेही कळत नसे. पण अध्याय संपेपर्यंत सुपाचा आवाज थांबलेला असे, हे गिरजाच्या ध्यानात आलं होतं.

गिरजाचं स्वतःचंही काम होत होतं. रात्री वाचलेलं ती दिवसा बेणताना मनात घोळवायची. पेशी, रक्त, श्वास. चिखलात वाकून वाकून पाठ मोडायची, पण डोकं हलकं असायचं. जगात इतकं काय काय चाललंय आणि आपल्याला कुणी सांगितलंच नाही, याचा तिला थोडा रागही यायचा.

मग एक दिवस वाचून झाल्यावर कोंडूतात्यानं विचारलं, "उद्याच्याला कंचा अध्याय?"

गिरजानं सहज पान उलटलं आणि वाचलं, "जन्म."

झालं. ओटीवर आनंदीआनंद. पोथीत देवाच्या जन्माचा अध्याय आला की पाळणा बांधायचा, सुंठवडा वाटायचा, पाळणा म्हणायचा, ही गावाची जुनी रीत. कोंडूतात्यानं बोटं मोजली. "चार दिस थांबलो तं आष्टमीलाच येतो! गोकुळाष्टमीला जन्माध्याय, याहून भाग्य कंचं?" तेवढे दिवस पोथीला विसावा द्यायचं ठरलं. शेजारच्या वाड्यांना निरोप गेले. सासरी गेलेल्या लेकींना बोलावणी गेली. सुताराकडून पाळण्याला नवी दांडी आली.

गिरजा मात्र घामाघूम झाली. पान उलटलं तेव्हा मथळ्याखालचं चित्र तिनं पाहिलं होतं. पोटाचा उभा छेद आणि आत मूल, डोकं खाली, पाय वर. त्याखालच्या दोन ओळी तिनं दुसऱ्या दिवशी चोरून वाचल्या, आणि पुस्तक झटकन मिटलं. सासऱ्यासमोर, चुलतसासऱ्यांसमोर, पाच गावच्या बाप्यांसमोर हे वाचायचं? न वाचावं तर पान सोडलं, पोथी मोडली, वर्ग गेला. वाचावं तर पोथीचं तिथल्या तिथं तोंड बंद होईल, आणि मग तर वर्ग गेलाच. इकडं आड तिकडं विहीर. बरं, डॉक्टरीणबाई विचारणार ते नेमकं याच प्रकरणातलं.

अष्टमीला ओटी पुरेना, माणसं अंगणात बसली. मधोमध पाळणा, त्याला झेंडूच्या माळा. सुंठवड्याचं ताट भरलेलं. बाईजा आपल्या कुडापाशी, पण आज हातात सूप नव्हतं.

गिरजानं ठरवून ठेवलं होतं. तिनं नमन केलं, पानांचा एक चांगला जाडसा गठ्ठा उलटला आणि भराभरा वाचायला लागली, "प्रकरण शेवटचे. आरोग्य. माणसाने शुद्ध हवेत राहावे."

"गिरजे," देवजी म्हणाला. "थांब."

देवजीला अक्षरओळख नव्हती. पण रोज पोथी मिटताना तो खुणेला मोरपीस ठेवायचा आणि पोथीची किती जाडी उरली ते बोटांनी चाचपायचा. "पीस हितं नि तू वाचतंस तिथं. मधली पानं कुठं गेली?"

"पान सोडलं!" कोंडूतात्या कडाडला. "पोथी मोडली!"

"मामंजी," गिरजा खाल मानेनं म्हणाली, "त्यो अध्याय बायांनी ऐकायचा हाय. बाप्यांनी उठावं."

"जन्माच्या अध्यायात बायांचं नि बाप्यांचं काय?" कोंडूतात्या म्हणाला. "जन्म काय निम्म्या गावाचाच झालाय? आमी कुणी उठणार नाय. वाच!"

सगळं गाव म्हणालं, वाच. गिरजानं डोळे मिटून उघडले, आणि ज्यानं त्यानं आपलं बघून घ्यावं असा विचार करून वाचायला घेतलं. गर्भ कुठं राहतो. तो कसा वाढतो. नाळ कशाला असते. पहिल्या चार ओळींना माणसं माना डोलावत होती. पाचव्या ओळीला डोलणं थांबलं. सातव्या ओळीला अंगणात एकाला खोकला आला, आणि त्याचा खोकला दुसऱ्यांना लागला. देवजीनं तोंड खांबाकडं फिरवलं. बाया पदराआड गेल्या, पण कान बाहेरच होते.

कोंडूतात्या उठला. "हे काय पोथीत? चला रे, चला!"

"बस," देवजी खांबाकडं बघतच म्हणाला.

"अरं पण देवजी..."

"अध्याय चालू झाला की उठायचं नाय. गावाला बाधतं. कुणी सांगितलं व्हतं?"

कोंडूतात्या उभ्याचा अर्धा झाला, इकडंतिकडं पाहिलं, आणि मुकाट्यानं बसला. तो बसला म्हटल्यावर बाकीच्यांना उठायची सोय राहिली नाही. वैशाखऱ्याच्या सगळ्या बाप्यांनी पाळण्याकडं पाठ करून तो अध्याय ऐकला. नियम फार चांगले असतात, फक्त ते करणाऱ्यालाही लागू होतात.

गिरजाचा आवाज हळूहळू स्थिर झाला. तिनं वाचलं, "मूल मातेच्या उदरात बहुधा डोके खाली करून असते. क्वचित ते उलटे, म्हणजे पायाकडून येते."

कुडापाशी काहीतरी हललं. गिरजानं वर पाहिलं नाही.

"असे का घडते हे नेहमीच सांगता येत नाही. ग्रहण, दृष्ट, भूतबाधा," आणि इथं गिरजा थांबली. पुस्तकात पुढचा शब्द 'यांचा' होता. तिला कंदिलाच्या उजेडात तो स्वच्छ दिसत होता. तिनं श्वास घेतला आणि त्याच सुरात म्हणाली, "किंवा उंबऱ्यावर बसणे, यांचा त्याच्याशी काडीमात्र संबंध नाही. यात मातेचा अगर इतर कोणाचाही दोष नसतो."

कुणी खोकलं नाही.

"गिरजे." बाईजा उठून उभी राहिली होती. अध्याय चालू असताना उठू नये याची तिला कुणी आठवण करून दिली नाही. "परत वाच."

गिरजानं परत वाचलं. ग्रहण, दृष्ट, भूतबाधा, किंवा उंबऱ्यावर बसणे. तेच शब्द, त्याच क्रमानं. पोथीतला शब्द दर वेळी बदलत नाही, एवढं भान तिला होतं.

"परत."

तिसऱ्यांदा वाचताना गिरजाच्या डोळ्यांत पाणी आलं आणि खरी अक्षरंही दिसेनाशी झाली. पण त्या ओळीला आता पुस्तकाची गरज नव्हती. देवजी खांबाला डोकं टेकून रडत होता. चारचौघांत, मोठ्यानं, इतक्या वर्षांचं. बाईजाच्या डोळ्यांत टिपूसही नव्हतं. ती कोंडूतात्याकडं बघत होती.

कोंडूतात्यानं सुंठवडा हातात घेतला होता तो तसाच होता. "देवजी," तो हळू म्हणाला, "खरंच लिवलंय का रे?"

"पोथीत लिवलंय," देवजी डोळे पुसत म्हणाला, "तं खोटं कसं असंल?"

गिरजानं मान वर न करता पुढचं वाक्य वाचलं. अशा वेळी वाट पाहत न बसता शिकलेल्या सुईणीस अगर डॉक्टरास बोलवावे. मग त्यापुढचं. अध्याय शेवटापर्यंत पुरा झाला.

आता पाळणा म्हणायचा, तर कुणाचाच आवाज फुटेना. तेव्हा बाईजा पुढं आली आणि तिनं सूर धरला. जनाबाई गेल्यापासून तिनं कुठल्याच बारशाला तोंड उघडलं नव्हतं. आवाज चिरकला, खाली पडला, परत वर आला. पाळण्याची दोरी ओढायला कुणी पुढं येईना, तेव्हा कोंडूतात्या चाचपडत उठला आणि त्यानं दोरी धरली. पाळणा संपेपर्यंत तो ती ओढत राहिला. बाईजानं त्याला नको म्हटलं नाही.

आरोग्याचं प्रकरण दुसऱ्या दिवशी झालं. लोकांनी ते ऐकलं, पण त्यात दम नाही म्हणाले. समाप्तीला तांदळाची खीर झाली, आणि खीर वाढता वाढता देवजीनं सगळ्यांदेखत सांगून टाकलं, "आमची गिरजा मुरबाडला चालली. शिकाया."

गणपतीला नथू आला. बायको सहा महिने मुरबाडला जाणार हे ऐकून तो जरा हिरमुसला. पण बापाच्या आणि आईच्या तोंडाकडं पाहून त्यानं आपलं मत आटगावलाच विसरून आलो असं धरलं. गणपती गेल्यावर, पेट्रोल मिळेना म्हणून कोळशाच्या धुरावर चालणाऱ्या मोटारीत गिरजा बसली, आणि ऐन वेळी बाईजा तिच्याशेजारी येऊन बसली. तिच्या कमरेला पानसुपारीची चंची होती आणि मांडीवर फडक्यात गुंडाळलेली पोथी. मोटार दर चढाला खोकायची आणि उतारूंनी खाली उतरून तिला ढकलायचं, अशी रीत होती. मुरबाडची अर्धी वाट त्या दोघींनी ढकलतच काटली.

गिरजाच्या जिवाला मात्र घोर लागला होता. अष्टमीपासून तिला एकच गोष्ट कुरतडत होती. आपण पोथीत शब्द घातला. म्हातारीला बरं वाटावं म्हणून घातला, पण तो खरा आहे का? आपल्याला काय ठाऊक? चौथी शिकलेली बाई आपण. तो खोटा असला, तर सासूला आपण फसवलं, आणि तेही तिच्या मेलेल्या लेकीच्या बाबतीत.

डॉक्टरीणबाईंनी पुस्तक हातात घेतलं. उघडल्याबरोबर त्यातून तांदळाचे दाणे टेबलावर सांडले. पानापानाला हळद. जन्माच्या प्रकरणाला सुंठवडा चिकटलेला.

"हे काय केलंय पुस्तकाचं?"

"समाप्ती झाली ना, बाई."

बाईंनी एक दाणा उचलला, पाहिला, आणि चौकशी न करायचं ठरवलं. मग प्रश्न सुरू झाले. पेशी म्हणजे काय, रक्त कुठून कुठं जातं. "अमीबाला तोंड असतं?" विचारल्यावर गिरजा म्हणाली, "नाय. म्हणून तं आमच्या गावानं त्याला हात जोडले." बाईंनी चष्मा काढून पुसला.

"मूल पायाकडून येतंय असं दिसलं, तर आधी काय करशील?"

"हात साबणानं धुवीन. पाणी, कात्री उकळाया ठेवीन. बाईला धीर देईन, नि वाट बघत न बसता गाडी जुंपून तुमच्याकडं आणीन. ओढाताण करणार नाय."

"ठीक," बाई म्हणाल्या. त्यांच्या तोंडून ठीक निघणं म्हणजे पास होणं. "सोमवारपासून ये. आणखी काही विचारायचंय?"

"एक विचारायचंय." गिरजा म्हणाली. "पोटुशी बाई उंबऱ्यावर बसली, तं मूल अडतं का?"

"मुळीच नाही!" बाई इतक्या जोरात म्हणाल्या, की कंपाउंडरनं डोकं आत घातलं. "कोण सांगतं तुम्हाला असलं? पुस्तकात नाही का लिहिलेलं?"

"ग्रहण लिवलंय, दृष्ट लिवलीय. उंबरा ऱ्हायलाय."

"राहिला असेल. लिहिणाऱ्यानं तुमचे उंबरे पाहिले नसतील. तू आपला घालून घे."

"घातलाय," गिरजा म्हणाली, आणि अष्टमीपासून छातीवर ठेवलेला धोंडा तिनं तिथंच दवाखान्यात उतरवला.

ती बाहेर आली तर दारात गर्दी तुंबली होती. दवाखान्याच्या उंबऱ्यावर, अगदी मधोमध, बाईजा पाय पसरून बसली होती आणि चंचीतली सुपारी कातरत होती. माणसं तिला वळसा घालून आतबाहेर करत होती. शिपाई कमरेवर हात ठेवून समोर उभा होता.

"अहो आजी, उठा की. उंबऱ्यावर बसू नये माणसानं."

"काय होत नाय रे," बाईजा मान वर न करता म्हणाली. "पोथीत लिवलंय."

मग तिला सून दिसली. ती थोडी बाजूला सरकली आणि उंबऱ्यावर शेजारी हात थोपटला. "ये. बस घटकाभर. लई दमलीस."

गिरजा तिच्याशेजारी बसली.